धुऱ्यावरचा निंब पाडायचा की ठेवायचा

घाटावर आणि घाटाखाली ही बुलढाणा जिल्ह्याची विभागणी सरकारी नकाशात नाही, पण बोलण्यात पक्की आहे. घाटाखाली पूर्णेच्या खोऱ्यात कपाशी, घाटावर चिखली-मेहकर-लोणारकडे सोयाबीन. पावसाळ्यात हा वरचा पट्टा सलग हिरवा दिसतो. ऑगस्टच्या अखेरीस त्या हिरव्यात जागोजागी पिवळे चट्टे पडू लागले की कास्तकाराच्या पोटात गोळा येतो. चट्ट्यातलं झाड धरून ओढलं तर अलगद हातात येतं, कारण धरून ठेवायला मुळंच उरलेली नसतात. खाली वीतभर माती उकरली की पांढरी, जाडजूड, तपकिरी डोक्याची अळी आकडा होऊन पडलेली सापडते. कृषी खात्याच्या पत्रकात हिचं नाव हुमणी, आमच्याकडे उन्नी.

पुढचं बोलणं चिखली तालुक्यातल्या अशाच एका वावरातलं आहे. मामा कास्तकार, सगळं आयुष्य याच काळ्या मातीत गेलेलं. भाची अकोल्याच्या पंजाबराव देशमुख कृषी विद्यापीठातून बी.एस्सी. झाली आणि आता ज्ञानगंगा अभयारण्यात वनरक्षक आहे. राखीच्या सणाला ती आईसोबत आली होती. नावं सांगत नाही. असे मामा आणि अशा भाच्या घाटावर गावोगाव आहेत आणि त्यांची बोलणी मी इथं जुळवून लिहिली आहेत.

मामा : हे पाह्य. धरलं की उपटते. चार तासं गेले माहे. अन् कोणामुळं? त्या निंबायमुळं. धुऱ्यावर पाच निंब हायेत. मिरगाचा पाऊस पडला की सांजच्याले त्यायच्यावर भुंगेऱ्यायचा नुसता गोंगाट. वरती पाला खाते, तिथंच जमते, अन् अंडे घालाले माह्या वावरात उतरते. दिवाळी झाली की पाचही पाडतो. गिऱ्हाईकबी पाहून ठेवलं.

भाची : निंब पाडले तर ते भुंगेरे उपाशी मरतील का?

मामा : जाईन कुठंबी.

भाची : कुठंबी म्हणजे शेजारच्या बाभळीवर नाही तर नाल्याच्या बोरीवर. भुंगेऱ्याला तिन्ही चालतात. आणि पोट भरल्यावर उतरायला माती तुमचीच आहे.

मामा : मंग चट्टे निंबाजवळच काहून जास्त हायेत? मले डोळे हायेत ना बाई.

भाची : आहेत, आणि तुम्ही बरोबर पाहिलंय. झाडाजवळ अंडी जास्त पडतात. एक मादी पन्नास-साठ अंडी घालते, मातीत चार बोटं खाली. पण मला सांगा, हा प्राणी वर्षभर असतो कुठे? आता अळी होऊन मुळांवर आहे. दिवाळीच्या पुढेमागे मातीतच कोष करेल. हिवाळ्यात भुंगेरा तयार होईल, पण बाहेर येणार नाही. उन्हाळाभर तसाच खाली पडून राहील. मग वळवाचा किंवा मिरगाचा पाऊस झाला की दिवस मावळल्यावर बाहेर पडेल आणि थेट निंबावर जाईल. वर्षातून एवढीच वेळ अशी की तो दिसतो, त्याची जागा ठाऊक असते आणि येण्याची घटकाही ठाऊक असते. ती जागाच तुम्ही पाडायला निघालात.

मामा गप्प बसले असं लिहिणं सोपं होतं. ते गप्प बसले नाहीत.

मामा : म्हंजे मिरगात पेरणी सोडून मी राती निंब हालवत बसू?

भाची : पेरणी दिवसा करता ना? काम सांजेच्या तास-दोन तासांचं आहे. खाली जुनी ताडपत्री अंथरायची, फांदीला बांबूचा आकडा लावून झटका द्यायचा. भुंगेरे टपाटप पडतात, गोळा करायचे, मारायचे. एका झाडावर सरासरी वीसच्या वर भुंगेरे दिसले की बंदोबस्त करा, असं कृषी खातं सांगतं. मादी अंडी घालायच्या आधी पकडली तर पन्नास-साठ अळ्यांचा हिशेब तिथंच मिटतो. आणि तुमच्या त्या जुन्या निंबाच्या ढोलीत पिंगळा राहतो की नाही? तो रात्रभर दुसरं काय खातो?

मामा : पिंगळा खाईन पाच-पंचवीस. इथं हजारायनं येते.

इथं मामांचं बरोबर आहे. निसर्गप्रेमी लेखांत एखादं घुबड, एखादा बगळा संपूर्ण कीड आटोक्यात ठेवतो. वावरात तसं होत नाही. नांगरटीच्या वेळी ट्रॅक्टरमागे बगळे, कावळे, साळुंक्या धावतात आणि उघड्या पडलेल्या अळ्या खरोखर वेचतात. पण सोयाबीन निघालं की हरभऱ्याची घाई असते. खोल नांगरट करून रान तापत ठेवा, ही शिफारस ऐकायला चांगली असली तरी दोन पिकं घेणाऱ्याला परवडत नाही.

मग बोलणं उकिरड्यावर गेलं. उन्नी शेणखतातून येते, अशी मामांची खात्री. म्हणून यंदा त्यांनी खत टाकलंच नव्हतं. भाचीनं एक अळी सोयाबीनच्या मुळाजवळून घेतली, एक उकिरड्यातून काढून आणली आणि दोन्ही लाकडी फळीवर ठेवल्या. रंग तोच, आकार तोच, आकडाही तोच. मुळाजवळची अळी थोडी वळवळली, पोटावर आली, पाय मारत कशीबशी पुढे सरकू लागली. उकिरड्यातली मात्र पाठीवर उलटी झाली. सहाही पाय आभाळाकडे, आणि तशीच उताणी, पाठीच्या घड्या आवळत-सोडत ती फळीवरून सरसर निघाली. मामांनी तिला काडीनं पालथी केली. ती परत उताणी झाली आणि चालू लागली.

भाची : ही उताणी चालणारी फुलांवर बसणाऱ्या भुंगेऱ्याची अळी. कुजकं शेण आणि पाचोळा खाते, खत बारीक करते. तुमच्या सोयाबीनच्या मुळाशी तिचं काही देणंघेणं नाही.

मामा : अन् त्या उकंड्यात अंगठ्याएवढ्या जाड्या असते, त्या?

भाची : त्या बहुतेक गेंड्या भुंग्याच्या.

मामा : जो नारळ खाते.

भाची : हो. शेंड्यात शिरून कोवळा पाला कातरतो. मग पान उलगडलं की कात्रीनं कापल्यासारखं दिसतं.

मामा : मंग झालं की! एक सोयाबीन खाते, एक दारचा नारळ खाते. तू म्हणतं एक चांगली हाय. मी काय एकेकीले उताणी करून पाहत बसू?

भाची : शेणखत पुरतं कुजलं असेल तर पाहायची गरजच नाही. भुंगेऱ्यांना ओढ असते ती कच्च्या शेणाची. खत बंद करून तुम्ही जमिनीचं नुकसान केलंत, उन्नीचं नाही.

मामांना हे पटलं की नाही, कळलं नाही. त्यांनी उताणी चालणारी अळी परत उकिरड्यावर टाकली, दुसरी चपलेखाली.

*

मामा : तुह्या जंगलाचं सोपं हाय बाई. तिथं कोणी फवारा मारत नाही, कोणाचं काही जात नाही.

भाची : जंगलातही खातातच. आत्ता सागाखाली जाऊन बघा, पानांची जाळी झालेली दिसेल. शिरा तेवढ्या शिल्लक. ती अळी पतंगाची, भुंग्याची नाही. पण लांबून डोंगर जळाल्यासारखा तांबडा दिसतो. लोक फोन करतात, साग मेला म्हणून. साग मरत नाही, त्याला पुन्हा पालवी फुटते. शिवाय आमच्याकडे नुसता साग नाही. सालई, धावडा, अंजन, पळस, खैर, तेंदू असं मिसळ रान आहे. एकावरची कीड सहसा दुसऱ्यावर जगत नाही. वाळलेल्या, पडलेल्या लाकडात भुंग्यांच्या अळ्या असतात, त्याच लाकडाची माती करतात. अस्वलं ओंडके फोडून त्या खातात. त्या नसत्या तर पडलेलं झाड वर्षानुवर्षं तसंच पडून राहिलं असतं.

मामा : जंगलाले सोसायटीचा हप्ता भरा लागत नाही. झाड मेलं त दुसरं उगवते. माहं तास मेलं त घरात काय आणू?

या एका वाक्याला भाचीकडे उत्तर नव्हतं, आणि माझ्याकडेही नाही. ज्ञानगंगेचं रान सुमारे 205 चौरस किलोमीटरचं आहे. नुकसान पचवायला त्याच्याकडे जागा आहे, वेळ आहे. मामांच्या आठ एकरांत यातलं काहीच नसतं.

पण जंगल सगळंच पचवतं, हेही खरं नाही. आणि मामांना हवा तो पुरावा शेजारच्या मध्य प्रदेशात आहे. मंडला-दिंडोरीच्या सालवनात सालाच्या खोडात शिरणारा लांब मिशांचा एक भुंगा आहे. एरवी तो पडलेल्या, कमजोर झाडांत असतो. पण 1923 ते 1928 या काळात तिथं त्याची मोठी साथ आली आणि 1990 च्या दशकाच्या उत्तरार्धात पुन्हा आली. लाखो झाडांना लागण झाली; लागण झालेली झाडं तोडावीत की ठेवावीत, यावरून वनखातं आणि जंगलवाले यांच्यात जो वाद पेटला, तोच आज चिखलीच्या धुऱ्यावर छोट्या मापात चालू होता. सालवन हे मैलोन्‌मैल एकाच जातीचं रान. ते सोयाबीनच्या पट्ट्यापेक्षा फार वेगळं नव्हे, फक्त उंच.

त्या साथींत सगळ्यात जास्त उपयोगी पडलेली युक्ती भाचीला ठाऊक होती.

भाची : पावसाळा लागला की वनखातं थोडे साल पाडायचं, त्यांचे ओंडके करायचं आणि टोकांची साल कुटून सैल करायचं. त्या ताज्या रसाच्या वासावर लांबलांबचे भुंगे येतात, रस पितात आणि गुंगल्यासारखे तिथंच बसतात. आजूबाजूच्या गावातले लोक ते वेचायचे. नगावर पैसे मिळायचे, मोजणीला भुंग्याची मुंडकी. त्याला सापळा झाड म्हणतात. तिथं झाड पाडून सापळा करावा लागला. तुमचा तर उभाच आहे.

मामा : ...अन् नगावर पैसे कोण देईन इथं?

प्रश्न हसण्यावारी नेण्यासारखा नाही. सरकारी जंगलातली कीड वेचायला सरकार मजुरी देतं. वावरातली कीड कास्तकारानं आपल्या खर्चानं, आपल्या झोपेच्या वेळी वेचायची.

*

घराकडे येताना परसातल्या आंब्यापाशी दोघं थांबली. खोडाला बोटाएवढं भोक, खाली ताज्या भुश्श्याचा ढीग. हा भिरूड, पुन्हा एक लांब मिशांचा भुंगा, सालवनातल्याचा भाऊबंद. याची अळी खोडाच्या आत महिनोन्‌महिने पोखरत राहते आणि एके दिवशी उभी फांदी वाळते. याच्याबाबत मामा-भाचीत वाद झाला नाही. मामांनी सायकलच्या चाकाची तार आणली, भोकात घालून फिरवली, अळी टोचून बाहेर ओढली आणि भोक चिखलानं लिंपलं. एक झाड, एक भोक, एक अळी, दोन मिनिटं. बागेतली कीड अशी हाताच्या आवाक्यात असते तेव्हा मतभेदाला जागाच नसते.

देऊळगाव राजा, सिंदखेड राजाकडच्या डाळिंबवाल्यांना हे सुख नाही. तिथं खोडाला टाचणीच्या टोकाएवढी भोकं पडतात. भुंगेरा जेमतेम दोन मिलिमीटरचा. मजा म्हणजे तो लाकूड खातच नाही. खोडात बोगदे करून त्यांत तो आपल्याबरोबर आणलेली बुरशी पेरतो आणि तो आणि त्याची पिल्लं त्या बुरशीवर जगतात. शेती करणाऱ्याच्या बागेत शेती करायला आलेला हा पाहुणा. आधीच ताण पडलेलं, मुळं दुबळी झालेलं झाड त्याला वासावरून कळतं. वर मर रोगाची बुरशी असली की झाड हातचं गेलंच. म्हणून बागवाले खोडाला गेरू आणि औषधाचा लेप देतात. तो लेप भोकं पडण्याआधी द्यायचा असतो; पडल्यावर दिला तर भुंगेरा आत सुखरूप असतो.

मामा : तेच म्हणतो मी. औषधाशिवाय कोणतंच गाडं चालत नाही. आधी थिमेट होतं. मूठभर टाकलं की उन्नी खतम. आता तेबी बंद केलं.

भाची : थिमेट म्हणजे फोरेट. 31 डिसेंबर 2020 पासून देशभर विक्रीही बंद, वापरही बंद. आणि बरं झालं. 2017 मध्ये यवतमाळला फवारणी करता करता वीसच्या वर माणसं गेली, ती वेगळ्या औषधांनी. पण विषाशी इतकी सलगी बरी नाही, एवढं तरी त्यातून कळायला हवं होतं.

मामा : यवतमाळचं मले सांगू नको. तिकडं आपलेबी सोयरे हायेत. मरणारा मजूर होता, औषध इकणारा नव्हता. पन म्हनून माहं वावर उन्नीले देऊन टाकू?

भाची : नाही. पण आत्ता ऑगस्टमध्ये औषध ओतून उपयोग काय? अळी पूर्ण वाढलीय, खोल गेलीय. आता तिला मारायला जेवढं औषध लागेल तेवढ्यानं गांडुळं आधी मरतील. जून-जुलैत, अळी बारीक असताना, कुजलेल्या शेणखतात मेटारायझियम मिसळून ओलीवर टाकायचं. ती बुरशीच आहे. लागण झालेली उन्नी आधी कडक होते, मग हिरवीगार पडते.

मामा : गेल्या साली आणली होती कृषी केंद्रातून. काही झालं नाही.

भाची : पुडी किती दिवस उन्हात पडली होती दुकानात? बुरशी जिवंत असते मामा. ती मेली असेल तर तुम्ही पैसे देऊन नुसती पांढरी भुकटी टाकली.

भेंडवळची अक्षय्य तृतीयेची घटमांडणी पावसासोबत पिकांवरच्या रोगराईचाही अंदाज सांगते आणि जिल्हाभर तो चवीनं ऐकला जातो. मामाही ऐकतात. पण उन्नीसाठी लागणारा अंदाज फार लहान आहे. पहिला दमदार पाऊस कोणत्या दिवशी पडला, एवढंच ठाऊक हवं. त्या सांजेपासून कामाला लागायचं.

रस्त्याच्या कडेला गाजर गवत माजलं होतं. भाचीनं एक फांदी वाकवून दाखवली. पानांची चाळण झालेली, वर पिवळसर पाठीवर काळ्या नागमोडी रेघा असलेले गोल भुंगेरे.

भाची : याला काय म्हणाल? हाही भुंगेराच. हे गवत 1955 च्या सुमारास पुण्यात पहिल्यांदा दिसलं आणि देशभर पसरलं. त्याला खाणारा हा भुंगेरा मुद्दाम मेक्सिकोतून आणून 1984 मध्ये सोडला.

मामा : सूर्यफुलावर बसला होता म्हनते. तिकडं कर्नाटकात.

भाची : बसला होता. बोंब झाली, चौकशीही झाली. सूर्यफुलावर त्याची पिल्लावळ वाढत नाही असं ठरलं, तेव्हा कुठे सुटला बिचारा.

मामा : अन् तरीबी गवत हायेच.

गवत आहेच. ज्यांना मित्रकिडा म्हटलं की सगळे प्रश्न सुटल्यासारखे वाटतात, त्यांनी मामांचं हे वाक्य पावसाळ्यात बुलढाणा-चिखली रस्त्यावर उभं राहून वाचावं. भुंगेरा पावसाळ्यात खातो, मग मातीत झोपतो. गवत बारा महिने फुलतं.

संध्याकाळी ओसरीवर पुन्हा निंबाचा विषय निघाला. माझं मत विचाराल तर निंब राहावेत, पण पाचही राहिलेच पाहिजेत असं नाही. राजस्थानात हुमणीविरुद्ध गावंच्या गावं एकत्र आली तेव्हा त्यांनी नेमकी हीच काटकसर केली. मादी जो गंध सोडते तोच गंध स्पंजाच्या तुकड्यावर घेऊन निवडक झाडांना टांगायचा. भुंगेरे त्या थोड्या झाडांवरच गोळा होतात आणि बंदोबस्त तेवढ्याच झाडांचा करावा लागतो. आपल्याकडे गंध नसला तरी निवड करता येते. दोन निंब सापळ्याला ठेवून बाकीच्यांच्या फांद्या मिरगाआधी छाटल्या, तर पाच झाडांचं काम दोनांवर येतं. यात अडचण एकच, आणि ती मामांनी लगेच काढली.

मामा : मी दोन निंबाखाली ताडपत्री अंथरीन. शेजारच्याच्या धुऱ्यावर नऊ बाभळी हायेत. तो जळगावले राह्यते, वावर ठोक्यानं देल्लं. ठोकेवाला एका सालाचा. तो कशाले भुंगेरे वेचीन?

भाची : त्याच्याशी ग्रामसभेत बोला. भुंगेरा धुरा पाहून थांबत नाही.

मामा : ग्रामसभेत भुंगेऱ्याचं काढलं त लोक हासतीन.

भाची : मग आधी तुमच्या बचतगटाच्या बायांना सांगते. त्या हसणार नाहीत, सोयाबीन त्यांचंही गेलंय.

मामा : बरं, मिरगात ये मंग तू. एक साल पाहतो. नाही जमलं त दिवाळीले कुऱ्हाड हायेच. पन एक सांग, ते वेचलेले भुंगेरे रॉकेलच्या पाण्यात टाका म्हनते पत्रकात. रॉकेल आता भेटते कुठं?

भाची : साबणाचं पाणी करा बादलीत. बुडतात.